छत्रपतींचा वाडा, सरकारची शाळा

सातारा शहरात ‘राजवाडा’ म्हटले की एसटीच्या प्रवाशाला बसस्थानक आठवते, संध्याकाळी फिरायला निघालेल्याला गांधी मैदान आणि तिथली चौपाटी आठवते. ज्या इमारतीमुळे या परिसराला हे नाव पडले ती मागे उभी असते, आणि तिच्याकडे मान वर करून पाहणारे थोडे. पोवई नाक्यावरून वरच्या रस्त्याने या की खालच्या, दोन्ही रस्ते शेवटी तिच्यापाशीच येतात. शहराची आखणीच तशी आहे. या एका वास्तूत साताऱ्याच्या मराठी राज्याची गादी नांदली, ते राज्य खालसा झाल्यावर तिथे सरकारी शाळा भरू लागली, बाजूच्या नव्या वाड्यात न्यायालय बसले, आणि १९०० साली याच शाळेच्या पटावर भीमराव आंबेडकरांचे नाव लागले. गादी जाऊन शाळा कशी आली, आणि शाळा आल्याने नेमके काय बदलले, हे समजून घ्यायचे तर दोनशे वर्षे मागे जावे लागते.

पेशवाईच्या उत्तरार्धात साताऱ्याचे छत्रपती नावाचे धनी होते. कारभार पुण्यात चालत असे आणि छत्रपतींचे कुटुंब अजिंक्यताऱ्यावर जवळजवळ नजरकैदेत राहत असे. १८ जानेवारी १७९३ रोजी जन्मलेले प्रतापसिंह महाराज याच वातावरणात वाढले. १८१८ मध्ये दुसऱ्या बाजीरावामागे इंग्रजांचा पाठलाग सुरू झाला, तेव्हा बाजीरावाने छत्रपतींना आपल्याबरोबर फिरवत ठेवले होते. २० फेब्रुवारी १८१८ रोजी अष्टीच्या लढाईत पेशव्यांचे सेनापती बापू गोखले पडले आणि छत्रपती इंग्रजांच्या हाती आले. त्याआधीच साताऱ्याचा किल्ला इंग्रजांनी घेतला होता. इंग्रज अधिकारी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनचा हिशेब सरळ होता. पेशवाई बुडवल्याने मराठा सरदारांत आणि रयतेत जो रोष पसरेल, त्यावर उतारा म्हणून शिवाजी महाराजांच्या वंशजाला एक लहानसे राज्य द्यावे. एप्रिल १८१८ मध्ये पंचवीस वर्षांच्या प्रतापसिंहांना गादीवर बसवण्यात आले आणि २५ सप्टेंबर १८१९ रोजी तह झाला.

या तहाने राज्याची हद्द ठरली. उत्तरेला नीरा, दक्षिणेला कृष्णा आणि वारणा, पश्चिमेला सह्याद्री, पूर्वेला पंढरपूर-विजापूरचा मुलूख. त्यातच एक कलम असे होते की, दरबारातल्या इंग्रज रेसिडेंटच्या मार्फतीवाचून छत्रपतींनी बाहेरच्या कुठल्याही संस्थानिकाशी किंवा सत्तेशी पत्रव्यवहार करू नये. तहावर शिक्के उठले तेव्हा ते कलम कोणाला फारसे बोचले नसावे. वीस वर्षांनी त्याच कलमाने गादी गेली.

सुरुवातीची तीन वर्षे कारभार कॅप्टन जेम्स ग्रँट डफ याच्या हाती होता. दिवसा राज्याची घडी बसवायची आणि उरलेल्या वेळात बखरी, कागदपत्रे, सरदारांच्या दप्तरांतल्या नकला गोळा करायच्या, असा त्याचा क्रम होता. १८२६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या मराठ्यांच्या इतिहासाची पायाभरणी साताऱ्यातच झाली. प्रतापसिंह त्याच्याकडून हिशेब, न्यायनिवाडा, वसुली शिकले. एप्रिल १८२२ मध्ये त्यांना पूर्ण अधिकार मिळाले आणि राजा म्हणून त्यांनी हाती घेतलेल्या पहिल्या मोठ्या कामांपैकी एक होते राहण्याच्या वाड्याचे. १८२४च्या सुमारास उभा राहिलेला हा वाडा म्हणजे आजचा जुना राजवाडा.

तो बांधताना समोर नमुना होता मराठी वाड्याचा. बाहेरून बेताचा, आत पसरलेला. घडीव दगडांचे जोते, त्यावर जाड भिंती, आत शिरले की चौक, चौकाच्या चारी अंगांना ओसरी आणि ओसरीला सागवानी खांबांची रांग. अशा बांधणीत इमारतीचे खरे वजन भिंतींपेक्षा लाकडाच्या सांगाड्यावर असते. दगडी तळखड्यावर खांब उभा राहतो, खांबाच्या डोक्यावर हस्त, हस्तावर तुळई, तुळयांवर कडीपाट आणि त्यावर वरच्या मजल्याची जमीन. खांबांमधली महिरप शोभेसाठी असते, भार ती उचलत नाही. उजेड आणि हवा चौकातून येते. चौकापासून जितके आत जावे तितका अंधार वाढतो आणि तितकाच एकांतही. म्हणून कचेरी व बैठक पुढे, खासगी दालने मागे, अशी या वाड्यांची वाटणी असते. कोण कुठपर्यंत येऊ शकतो हे देवडीवरचा पहारेकरी ठरवत असे, आणि त्याच्या पुढचे बांधणीच ठरवत असे. कोणी चौकातच थांबायचे, कोणी ओसरीपर्यंत यायचे, कोणी आत जायचे, हे दगड-लाकडात पक्के केलेले असे.

प्रतापसिंहांना पुस्तकांची आणि शिक्षणाची ओढ होती. बालपण कैदेत गेलेल्या या राजाने संस्कृत, मराठी, फारसी आणि इंग्रजी शिकवण्याची सोय राजधानीत केली, ग्रंथसंग्रह उभा केला, शिळाप्रेस आणला, स्वतः रोजनिशी ठेवली. राजघराण्यातल्या मुलींच्या शिक्षणाची व्यवस्था राजवाड्यात होती, असे साताऱ्यात आजही सांगितले जाते. शहरात पेठा वसल्या, रस्ते झाले. १८२८-२९ मध्ये मुंबईचे गव्हर्नर जॉन माल्कम यांच्याशी बोलणी होऊन महाबळेश्वरचा डोंगरमाथा इंग्रजांना मिळाला आणि साताऱ्याहून तिकडे जाणारा रस्ता झाला. पुढे या वास्तूत शाळा आली तेव्हा ती अगदीच परक्या जागी आली नाही, एवढे या कारकिर्दीकडे पाहून म्हणता येते.

पण शिक्षणाची ओढ असलेल्या राजाला प्रश्नही पडतात. भोसले क्षत्रिय आहेत की नाहीत, त्यांचे संस्कार वेदोक्त पद्धतीने व्हावेत की पुराणोक्त, हा वाद १८३०मध्ये साताऱ्यात रीतसर सभा भरवून लढला गेला. प्रतापसिंहांनी वेदोक्ताचा पक्ष धरला. विरोधी बाजूला पुण्या-साताऱ्यातले शास्त्री होते आणि सांगलीचे संस्थानिक चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनही होते. कृष्णेच्या खोऱ्यातल्या दोन राजधान्यांमधली ही तेढ धर्मशास्त्राची दिसत असली तरी तिच्या मुळाशी सत्ता आणि मान यांचा प्रश्न होता. गादीभोवती नाराज माणसांची संख्या वाढली, आणि रेसिडेन्सीत जाऊन कान भरणाऱ्यांना काम मिळाले.

१८३६पासून आरोपांची मालिका सुरू झाली. इंग्रजी फौजेतल्या देशी अधिकाऱ्यांना फितवण्याचा प्रयत्न, गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान, नागपूरकरांशी पत्रव्यवहार असे ते आरोप. तहातले ते कलम आता उपयोगी पडले. १८३९ मध्ये गव्हर्नर सर जेम्स कार्नाक साताऱ्यात आले आणि त्यांनी तोडगा सुचवला. महाराजांनी चूक कबूल करावी, नव्या अटी मान्य कराव्यात, झाले गेले विसरले जाईल. प्रतापसिंहांनी नकार दिला. जे केले नाही ते कबूल करायचे कसे, एवढेच त्यांचे म्हणणे. ४ सप्टेंबरची रात्र उलटून ५ उजाडण्याच्या सुमारास रेसिडेंट ओव्हान्स फौजेसह वाड्यात आला आणि महाराजांना बाहेर काढण्यात आले. त्यांना काशीला पाठवण्यात आले. तिथेच १४ ऑक्टोबर १८४७ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांची बाजू मांडायला गेलेले रंगो बापूजी गुप्ते सुमारे चौदा वर्षे लंडनमध्ये कंपनीच्या भागधारकांपुढे आणि पार्लमेंटच्या सभासदांपुढे दाद मागत राहिले. जोसेफ ह्यूम, जॉर्ज थॉम्पसन यांच्यासारखे वक्ते त्यांच्या बाजूने बोलले. निकाल बदलला नाही.

गादीवर आले प्रतापसिंहांचे धाकटे बंधू शहाजी, म्हणजे आप्पासाहेब महाराज. इंग्रजांच्या मर्जीने आलेला राजा म्हणून त्यांच्याकडे पाहिले गेले, पण बांधकामांच्या बाबतीत त्यांनी हात आखडता घेतला नाही. वेण्णा आणि कृष्णा या नद्यांवर त्यांच्या काळात पूल झाले. जुन्या वाड्याला लागून नवा राजवाडा उभा राहिला. १८४४च्या सुमारास तो पूर्ण झाला. नव्या वाड्याचा मोठा डौल त्याच्या दरबाराच्या दालनात होता. सागवानी खांबांच्या ओळींवर छत तोललेले, समोर मोकळा चौक, एकाच वेळी शेकडो माणसे बसतील एवढा विस्तार. जुन्या वाड्यात राहणे महत्त्वाचे होते, नव्या वाड्यात दिसणे. राज्याची सत्ता जसजशी रेसिडेन्सीकडे सरकत गेली तसतसा दरबाराचा दिवाणखाना मोठा होत गेला, हा योगायोग मानायचा की नाही ते ज्याने त्याने ठरवावे. दुसऱ्या संस्थानांतही याच काळात हेच घडताना दिसते.

हे दालन फार दिवस छत्रपतींकडे राहिले नाही. ५ एप्रिल १८४८ रोजी आप्पासाहेबांचे निधन झाले. मृत्यूच्या अगोदर त्यांनी दत्तक घेतला होता. रेसिडेंट बार्टल फ्रियर आणि मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज क्लार्क दोघांचे मत दत्तक मान्य करावा असे होते. त्याच वर्षी हिंदुस्थानात आलेल्या लॉर्ड डलहौसीने ते बाजूला सारले आणि औरस वारस नाही म्हणून राज्य खालसा केले. पुढे झाशी, नागपूर यांच्यावर जो बडगा उगारला गेला त्याची पहिली मोठी चाचणी साताऱ्यात झाली. विलीनीकरणाला विरोध करणारे फ्रियरच त्या मुलखाचे कमिशनर झाले.

आता प्रश्न होता वाड्यांचा. राजे गेले, राज्य गेले, उरली ही एवढी मोठी वास्तू. इंग्रज अधिकाऱ्यांपुढे त्यासाठी पुण्याचा नमुना होता. शनिवारवाडा १८२८च्या आगीत जळाला होता, पण दुसऱ्या बाजीरावाचा विश्रामबागवाडा शाबूत होता आणि १८२१ पासून तिथे एल्फिन्स्टनच्या काळातली संस्कृत पाठशाळा भरत होती. तीच पुढे पुणे कॉलेज आणि मग डेक्कन कॉलेज झाली. वाडा सरकारजमा झालेला असल्याने भाडे नाही, नवी इमारत बांधण्याचा खर्च नाही, आणि गावातल्या सर्वांत मानाच्या जागेत सरकारचे काम चालू झाले की सत्ता कोणाकडे आहे हे वेगळे सांगावे लागत नाही. कचेरी, न्यायालय आणि शाळा या तीन गोष्टींतून नवे राज्य लोकांना भेटणार होते. साताऱ्याच्या राजवाड्यात त्यांतल्या दोन आल्या. जुन्या वाड्यात १८५१ साली सरकारी शाळा सुरू झाली. नव्या वाड्याच्या दरबारात यथावकाश जिल्हा न्यायालय बसले. जिथे मुजरे होत तिथे आरोपीचा पिंजरा आला आणि वकिलांची उलटतपासणी सुरू झाली.

हा बदल शांतपणे झाला असे मात्र नाही. १८५७ मध्ये साताऱ्यात उठावाची तयारी उघडकीला आली. लंडनहून परतलेले रंगो बापूजी तिच्या केंद्रस्थानी होते. ते निसटले आणि पुन्हा कधी सापडले नाहीत. ८ सप्टेंबर १८५७ रोजी गेंडामाळावर सतरा जणांना देहदंड देण्यात आला. पाच जणांना फाशी, सहा जणांना तोफेच्या तोंडी आणि सहा जणांना गोळ्या. राजघराण्यातल्या मंडळींना साताऱ्यातून हलवून मुंबईजवळच्या बेटावर ठेवण्यात आले. राजवाड्याच्या मालकांना शहरात राहण्याचीही बंदी होती, त्या दिवसांत तिथे शाळेची पोरे पाढे म्हणत होती.

वाड्याची शाळा करणे सोपे नसते. शाळेला हवे सरळ दालन, एका बाजूने भरपूर उजेड, सगळ्यांना दिसेल असा फळा. वाडा देतो चौक आणि चौकाभोवतीची अंधारी खोली. बरोबर मध्ये खांब येतो आणि मागच्या पोराला मास्तर दिसत नाहीत. लाकडी जमिनीवर वरच्या वर्गाची मधली सुट्टी झाली की खालच्या वर्गात शिकवणे बंद. चिंचोळे, उभे जिने एका वेळी दोन माणसांसाठी केलेले असतात, त्यांवरून वर्गच्या वर्ग उतरवायचा म्हणजे शिक्षकांची परीक्षा. सरकारने ज्या ठिकाणी नव्याने बांधले तिथे चित्र वेगळे होते. १८६४ मध्ये याच फ्रियरनी, आता मुंबईचे गव्हर्नर म्हणून, पुण्याजवळ डेक्कन कॉलेजच्या इमारतीची कोनशिला बसवली. गॉथिक कमानी, मनोरा, दगडी व्हरांडे असलेली ती इमारत १८६८ मध्ये वापरात आली. सर जमशेटजी जीजीभाई यांची मोठी देणगी तिच्या मागे होती. जिल्ह्याच्या गावातल्या हायस्कूलला असा दाता कुठून मिळणार? साताऱ्याने वाड्यावरच भागवले. एका अर्थाने ते बरे झाले. नवी इमारत झाली असती तर जुना राजवाडा इतर वाड्यांसारखा गोदाम होऊन किंवा पडझडीने संपला असता. वापरात राहिला म्हणून तो टिकला.

७ नोव्हेंबर १९०० रोजी या शाळेच्या रजिस्टरमध्ये १९१४ या क्रमांकासमोर एक नाव लिहिले गेले, भिवा रामजी आंबेडकर. इयत्ता पहिली इंग्रजी. त्याचे वडील, लष्करातून निवृत्त झालेले सुभेदार रामजी सकपाळ, यांचे कुटुंब तेव्हा साताऱ्यात राहत होते. आई भीमाबाईंचे निधन साताऱ्यातच झाले होते. वडील स्वतः मात्र नोकरीनिमित्त खटाव तालुक्यातल्या गोरेगावला होते. तिथे दुष्काळग्रस्तांना काम देण्यासाठी सरकारने तलाव खोदायला काढला होता आणि ते रोखपाल होते.

या शाळेतले दिवस कसे होते हे डॉ. आंबेडकरांनी पुढे ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आत्मकथनपर लेखनात नोंदवून ठेवले आहे. महार असल्यामुळे वर्गात गुणांप्रमाणे मिळणारी जागा त्यांच्यासाठी नव्हती. एका कोपऱ्यात वेगळे बसायचे. बसायला गोणपाटाचा तुकडा घरून आणायचा आणि संध्याकाळी परत न्यायचा, कारण शाळा झाडणारा नोकरही त्याला हात लावत नसे. तहान लागली तर नळाला हात लावायचा नाही. शिपाई येऊन तोटी सोडेल तेव्हा प्यायचे. शिपाई नसला तर तहान तशीच ठेवायची. १९०१ च्या उन्हाळ्यात वडिलांना भेटायला घरातल्या मुलांबरोबर ते आगगाडीने मसूरला उतरले आणि तिथून गाडीवानाने व वाटेतल्या माणसांनी जे अनुभव दिले, ते याच लेखनात आले आहेत. १९०४ मध्ये कुटुंब मुंबईला गेले.

राजवाड्याच्या इतिहासात या चार वर्षांचे महत्त्व दोन बाजूंनी पाहावे लागते. प्रतापसिंहांच्या काळात महार मुलाला या वाड्याच्या ओसरीपर्यंत येणे अशक्य होते. सरकारी शाळेच्या नियमाने तो आत आला, पटावर चढला, त्याला क्रमांक मिळाला. ही गोष्ट लहान नाही. पण आत आल्यावर त्याला कोपरा मिळाला. वाड्याची जुनी शिस्त, कोणी कुठपर्यंत यायचे हे ठरवणारी, इमारतीचे काम बदलले तरी माणसांच्या डोक्यात शाबूत होती. इंग्रज सरकारने प्रवेशाचा हक्क दिला, वर्गातली जागा मात्र गावावर सोडली. महात्मा फुले यांनी १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे सरकारच्या शिक्षणाबद्दल जी तक्रार केली होती तिचा रोख हाच होता. सरकारचा पैसा वरच्या जातींच्या शिक्षणावर खर्च होतो आणि कर भरणाऱ्या कष्टकऱ्याचे पोर बाहेरच राहते. फुल्यांचे मूळ गाव कटगुण हे याच सातारा जिल्ह्यातले.

या कोड्याची दोन उत्तरे या भागाने शोधली आणि दोन्हींची सुरुवात १९१९ या एकाच वर्षी झाली. पुण्याच्या डेक्कन एज्युकेशन सोसायटीने जून १९१९मध्ये सांगलीत विलिंग्डन कॉलेज काढले. सांगली आणि मिरज यांच्या मधल्या विश्रामबागच्या मोकळ्या माळावर, दोन्ही गावांच्या वाड्यांपासून लांब. नाव मुंबईच्या माजी गव्हर्नरांचे, प्राध्यापक मात्र आजीव सभासदांच्या त्यागी परंपरेतले. गो. चिं. भाटे हे पहिले प्राचार्य. दक्षिण महाराष्ट्रातल्या आणि सीमेपलीकडच्या कानडी मुलखातल्या विद्यार्थ्यांना पुण्याला न जाता पदवीपर्यंत शिकता येऊ लागले. कन्नडचे थोर कवी वि. कृ. गोकाक इथे प्राचार्य होते, साहित्येतिहासकार रं. श्री. मुगळी इथेच शिकवत होते. शिक्षण राजवाड्यातून बाहेर काढून माळावर नेणे, ही एक वाट झाली.

दुसरी वाट कराडजवळच्या काले गावातून निघाली. भाऊराव पाटील यांनी त्याआधी १९१०च्या सुमारास सांगलीजवळच्या दुधगावात वसतिगृहाचा प्रयोग केला होता. पुढे किर्लोस्करांचे नांगर खेड्याखेड्यांत विकत फिरताना त्यांनी रयतेची पोरे पाहिली. ४ ऑक्टोबर १९१९ रोजी त्यांनी रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि १९२४ मध्ये साताऱ्यात वसतिगृह उघडले. तिथे सगळ्या जातींची मुले एका पंगतीत जेवत, एकाच खोलीत झोपत, पाणी स्वतः भरत, भाकरी स्वतः भाजत. २५ फेब्रुवारी १९२७ रोजी महात्मा गांधींच्या हस्ते त्याचे ‘श्री छत्रपती शाहू बोर्डिंग हाऊस’ असे नामकरण झाले. खर्च भागेना तेव्हा भाऊरावांच्या पत्नी लक्ष्मीबाई पाटील यांनी अंगावरचे दागिने दिले, मंगळसूत्रही गेले. राजवाड्यापासून थोड्या अंतरावर हे सारे घडत होते, आणि भीमरावांना ज्या कोपऱ्यात बसवले गेले त्या कोपऱ्याला दिलेले हे उत्तर होते. सातारा शहराला पदवीचे कॉलेज मिळायला १९४७ उजाडले. धनिणीच्या बागेत भाऊरावांनी छत्रपती शिवाजी कॉलेज काढले, आणि मुलांनी श्रम करून शिकावे हे तिथले ब्रीद ठेवले. पैसा नव्हता, म्हणून माणसांच्या हातांनीच बांधायचे हे ठरले.

स्वातंत्र्यानंतर जिल्ह्याचेही दोन भाग झाले. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याचे नाव सांगली झाले. राजवाड्यातल्या शाळेला प्रतापसिंहांचे नाव मिळाले. जिल्हा परिषदेचे प्रतापसिंह हायस्कूल म्हणून ती ओळखली जाते. ज्या राजाला रात्री वाड्यातून बाहेर काढले, त्याचे नाव शाळेच्या पाटीवरून वाड्यात परत आले. २०१७ पासून ७ नोव्हेंबर हा दिवस महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो, आणि त्या दिवशी रजिस्टरमधली ती नोंद पाहायला लोक येतात.

आज या वास्तूबद्दल बोलताना दोन सूर ऐकू येतात. एकाला ती छत्रपतींची गादी म्हणून जपायची आहे, दुसऱ्याला बाबासाहेबांची शाळा म्हणून. दोघांचेही म्हणणे खरे आहे, पण वास्तूला पावसाचे पाणी, वाळवी आणि कुजणाऱ्या तुळया यांच्याशी झुंजायचे असते, आणि तिथे दोन्ही स्मारके एकाच कडीपाटावर उभी आहेत. सागवानी सांगाड्याची इमारत जपायची तर ती दुरुस्त करणारा सुतार हवा, तळखडा आणि तुळई ओळखणारा अभियंता हवा, आणि दरवर्षी पावसाळ्याआधी छत तपासणारा कोणीतरी हवा. सिमेंटचा मुलामा देऊन अशा वास्तू वाचत नाहीत, उलट ओल आत कोंडून लाकूड लवकर कुजते.

आणखी एक गोष्ट. या राजवाड्याचे मोल त्यातल्या दोन थोर नावांपुरते नाही. १८५१पासून इथे हजारो साध्या घरांतली पोरे शिकली, त्यांतल्या बहुतेकांचे नाव कुठे छापले गेले नाही. ती इमारत राजाची होती तोपर्यंत एका घराण्याची होती. शाळा झाल्यावर ती जिल्ह्याची झाली, जरी जागा सगळ्यांना सारखी मिळाली नाही तरी. म्हणून तिचे जतन करताना वर्ग बंद करून नुसते संग्रहालय करू नये. पट चालू राहावा, घंटा वाजत राहावी, आणि १९१४ क्रमांकाची नोंद असलेल्या रजिस्टरनंतरची रजिस्टरेही भरत राहावीत. त्या पटावर आता कोणालाही कोपरा नाही, याची खात्री दरवर्षी नव्याने करून घेणे हे त्या शाळेचे खरे स्मारक ठरेल.